मांडीवर टाइपरायटर घेऊन लढलेला माणूस : वेन्डेल स्मिथ

घरात वर्तमानपत्र आले की मुले शेवटचे पान आधी उघडतात. मोठी माणसे मग कुरकुरतात. 'अरे, अग्रलेख वाच, समाजात काय चालले आहे ते बघ. खेळाच्या पानात काय ठेवले आहे?' आम्हीही असे अनेकदा म्हटले आहे. परंतु खेळाच्या पानावर एक सदर लिहिता लिहिता एका देशातील वर्णभेदाच्या भिंतीला भगदाड पाडणारा एक माणूस होऊन गेला. तो कृष्णवर्णीय होता आणि त्याचे सदर कुठल्या बड्या दैनिकात नव्हे, तर आपल्या या अंकासारख्याच समाजाच्या एका साप्ताहिकात येत असे. त्याचे नाव वेन्डेल स्मिथ. त्याची ओळख घरातील लहानथोर सर्वांना व्हावी, म्हणून आजचे हे पान.

पाटी नसलेली बंदी

आपल्याकडे क्रिकेटचे जे स्थान, तेच अमेरिकेत बेसबॉलचे. गल्लीतल्या पोरापासून राष्ट्राध्यक्षापर्यंत सर्वांना त्याचे वेड. या खेळाच्या वरिष्ठ स्पर्धेत १८८४ साली मोझेस फ्लीटवूड वॉकर हे कृष्णवर्णीय खेळाडू टोलेडोच्या संघातून खेळले होते. त्यानंतर मात्र दारे बंद झाली आणि ती साठ वर्षांहून अधिक काळ बंदच राहिली.

गंमत अशी, की कृष्णवर्णीयांना घेऊ नये असे नियमपुस्तकात कुठेही छापलेले नव्हते. मालकांना विचारले तर ते म्हणत, 'छे, आमच्याकडे कसली बंदी?' आमच्या वाचकांना हे वेगळे समजावून सांगायला नको. गावच्या पाणवठ्यावर तरी कुठे पाटी लावलेली असते? न लिहिलेला कायदा सर्वांत चिवट असतो, कारण तो फाडायचा म्हटला तर हातात कागदच येत नाही.

कृष्णवर्णीय खेळाडूंनी मग आपले वेगळे संघ काढले, वेगळ्या स्पर्धा भरवल्या. त्यांना निग्रो लीग म्हणत. सॅचेल पेज आणि जॉश गिब्सन यांच्यासारखे असामान्य खेळाडू तिथे घडले. पण मोठ्या दैनिकांच्या लेखी ते जणू जन्मलेच नव्हते.

एकोणिसाव्या वर्षी बसलेला घाव

वेन्डेल स्मिथ यांचा जन्म १९१४ साली डेट्रॉइट शहरात झाला. वडील मोटारसम्राट हेन्री फोर्ड यांच्या घरी स्वयंपाकी होते. वेन्डेल ज्या शाळेत शिकला तिथे तो एकटाच कृष्णवर्णीय विद्यार्थी. अभ्यासात बरा आणि बेसबॉलमध्ये चेंडू टाकण्यात तरबेज.

१९३३ साली, एकोणिसाव्या वर्षी, तो एका महत्त्वाच्या सामन्यात खेळला. त्याने चेंडू असे टाकले की प्रतिस्पर्ध्यांना एकही धाव घेता आली नाही आणि त्याचा संघ १-० असा जिंकला. डेट्रॉइट टायगर्स या व्यावसायिक संघाचा खेळाडू हेरणारा माणूस सामना पाहायला आला होता. त्याने वेन्डेलच्या संघातील गोऱ्या कॅचरला करारबद्ध केले. हरलेल्या संघाच्या गोऱ्या गोलंदाजालाही घेतले. जिंकणाऱ्या वेन्डेलला मात्र त्याने सांगितले, की तुलाही घ्यायला मला आवडले असते, पण ते माझ्या हातात नाही.

त्या प्रसंगाने आपण पार कोलमडून गेलो होतो आणि त्याच दिवशी आपल्या समाजाच्या खेळाडूंसाठी काहीतरी करण्याचा निश्चय केला, असे स्मिथ यांनी पुढे सांगितले आहे. अपमान आपल्यापैकी पुष्कळांच्या वाट्याला आला आहे. कोणी तो गिळतो, कोणी त्याच्या पायी व्यसनाला लागतो. वेन्डेलने तो मनात जपला आणि कॉलेजात नाव घातले. कृष्णवर्णीयांसाठी असलेल्या वेस्ट व्हर्जिनिया स्टेट कॉलेजातून तो १९३७ साली पदवीधर झाला आणि आठवड्याला १७ डॉलर पगारावर 'पिट्सबर्ग कूरियर' या साप्ताहिकात दाखल झाला.

समाजाचे साप्ताहिक

'कूरियर' हे कृष्णवर्णीयांनी कृष्णवर्णीयांसाठी चालवलेले पत्र. आगगाडीच्या झोपायच्या डब्यांत काम करणारे कृष्णवर्णीय सेवक त्याचे गठ्ठे दक्षिणेकडील राज्यांत पोचवत. जिथे ते उघडपणे विकणे धोक्याचे, तिथेही ते हातोहात जाई. १९४० च्या दशकात त्याचा खप तीन लाखांच्या वर गेला. डॉ. डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस हे थोर विचारवंत १९३६ ते १९३८ या काळात याच पत्रात सदर लिहीत. हे तेच ड्यू बॉइस, ज्यांना बाबासाहेबांनी १९४६ साली पत्र पाठवले होते. अमेरिकेतील निग्रो समाजाने संयुक्त राष्ट्रसंघाकडे केलेल्या अर्जाची प्रत त्यांनी मागवली होती. अस्पृश्यांचे दुःख आणि त्या समाजाचे दुःख यांतील साम्य बाबासाहेबांनी फार आधी ओळखले होते.

आपले पत्र असल्याशिवाय आपली बाजू जगापुढे येत नाही, हेही बाबासाहेबांनी ओळखले होते. 'केसरी'ने पैसे देऊनही 'मूकनायक'ची जाहिरात छापली नव्हती. ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' निघाले ते या परिस्थितीत. 'मूकनायक', 'बहिष्कृत भारत', 'जनता', 'प्रबुद्ध भारत' ही नावे आपल्याला पाठ आहेत. पिट्सबर्गच्या त्या साप्ताहिकाचे मोल म्हणूनच आपल्याला लवकर कळते.

आधी घरच्यांना चार शब्द

स्मिथ यांनी सदर सुरू केले तेव्हा त्यांनी पहिला कोरडा ओढला तो आपल्याच माणसांवर. मे १९३८ मधील एका गाजलेल्या लेखात त्यांनी समाजाला सवाल केला. ज्या संघांत आपला एकही खेळाडू घेत नाहीत, त्यांचे सामने पाहायला आपण कष्टाचे पैसे मोजून का जातो? तिथे आपल्याला मान नाही, तरी आपण टाळ्या वाजवतो. आणि आपले स्वतःचे संघ मात्र प्रेक्षकांवाचून उपाशी ठेवतो. ही कसली विचित्र जमात म्हणायची?

शब्द कडू होते, पण लिहिणारा घरचा होता. १९२७ साली महाडला बाबासाहेबांनीही मेलेल्या जनावरांचे मांस सोडा, हलकी कामे सोडा, असे आपल्याच लोकांना आधी बजावले आणि मगच चवदार तळ्याकडे पावले वळवली. आपल्या माणसांना खडसावण्याचे धैर्य ज्याच्या अंगी असते, त्यालाच परक्यांपुढे ताठ मानेने उभे राहता येते.

सबबीचा बुरखा फाडला

मग स्मिथ मालकांकडे वळले. १९३९ च्या आरंभी ते नॅशनल लीगचे अध्यक्ष फोर्ड फ्रिक यांना भेटले. फ्रिक यांचे उत्तर असे, की आमची ना नाही, पण लोकांची मनाची तयारी अजून झालेली नाही. मालक मंडळी आणखी एक सबब सांगत. गोरे खेळाडू आणि संघांचे व्यवस्थापक काळ्यांबरोबर खेळायला तयार होणार नाहीत.

दुसरा कोणी असता तर त्याने संतापाने दोन स्तंभ भरले असते. स्मिथ यांनी वेगळे केले. त्यांनी ठरवले, की जाऊन विचारायचे. गोऱ्या वार्ताहरांसाठी असलेल्या जागा त्यांना बंद होत्या. पण पिट्सबर्गला खेळायला येणारे संघ शेनली हॉटेलात उतरत. स्मिथ तिथे जाऊन बसत आणि एकेका खेळाडूला गाठत. असे करत त्यांनी नॅशनल लीगच्या आठही संघांचे व्यवस्थापक आणि सुमारे चाळीस खेळाडू यांच्या मुलाखती घेतल्या आणि त्या 'कूरियर'मध्ये क्रमाने छापल्या. बहुसंख्यांचे म्हणणे असे निघाले, की आमची काही हरकत नाही. ब्रुकलिनचे व्यवस्थापक लिओ ड्युरोशर यांनी तर परवानगी मिळाली तर आपण असे खेळाडू आनंदाने घेऊ, असे सांगितले.

मालकांच्या अंगावरची सबब अशी नावानिशी उतरवली गेली. लिहिणाऱ्या आपल्या तरुणांनी हे लक्षात ठेवावे असे आम्हाला वाटते. नुसत्या विशेषणांनी विरोधक हलत नाही. नाव, गाव, तारीख आणि तोंडचे शब्द समोर ठेवले की त्याला पळायला वाट राहत नाही.

तरीही दार उघडले नाही. ऑगस्ट १९४२ मध्ये 'स्पोर्टिंग न्यूज' या बेसबॉलच्या वजनदार पत्राने, हा प्रश्न काढण्यात कोणाचेच भले नाही, असा अग्रलेख लिहिला. डिसेंबर १९४३ मध्ये थोर गायक-अभिनेते पॉल रोबसन आणि कृष्णवर्णीय पत्रांचे प्रतिनिधी संघमालकांच्या बैठकीपुढे जाऊन बोलले. मालकांनी शांतपणे ऐकले आणि काहीही केले नाही.

बॉस्टनचे नाटक

१९४५ साली बॉस्टनचे एक नगरसेवक इसाडोर मुचनिक यांनी तिथल्या संघांना पेचात पकडले. कृष्णवर्णीय खेळाडूंची चाचणी घ्या, नाहीतर रविवारच्या सामन्यांच्या परवानगीला माझे मत मिळणार नाही, असे त्यांनी बजावले. स्मिथ यांनी संधी साधली. तीन खेळाडू निवडून, त्यांच्या प्रवासाचा खर्च 'कूरियर'कडून घेऊन ते बॉस्टनला पोचले. जॅकी रॉबिन्सन, सॅम जेथ्रो आणि मार्विन विल्यम्स हे ते तिघे.

आधी दिवसावर दिवस ताटकळत ठेवले. अखेर १६ एप्रिल १९४५ रोजी रेड सॉक्स संघाने चाचणी घेतली. तिघेही उत्तम खेळले. त्यांच्याकडून अर्ज भरून घेतले आणि कळवू म्हणाले. ते कळवणे कधीच आले नाही. मुलाखतीला बोलावून, गोड बोलून, घरी पाठवलेल्या आपल्या किती तरुणांना ही गोष्ट आपलीच वाटेल! हाच रेड सॉक्स संघ पुढे सर्वांत शेवटी, १९५९ साली, बदलला.

पण स्मिथ रिकाम्या हाताने परतले नाहीत. परतीच्या वाटेवर ते ब्रुकलिन डॉजर्स संघाचे प्रमुख ब्रँच रिकी यांना भेटले. वरिष्ठ स्पर्धेत टिकेल असा एखादा खेळाडू आहे का, असे रिकींनी विचारले. स्मिथ यांनी जॅकी रॉबिन्सन यांचे नाव घेतले. निग्रो लीगमध्ये त्यांच्याहून सरस खेळाडू होते. परंतु रॉबिन्सन विद्यापीठात गोऱ्या मुलांबरोबर खेळलेले होते, सैन्यात अधिकारी होते. बसमध्ये मागे बसण्यास नकार दिला म्हणून १९४४ साली त्यांच्यावर लष्करी खटला भरला गेला आणि ते त्यातून निर्दोष सुटले. पुढे येणारा मारा सोसायला कसा माणूस लागेल, हे स्मिथ यांनी अचूक हेरले होते. २३ ऑक्टोबर १९४५ रोजी डॉजर्सच्या मॉन्ट्रियल येथील दुय्यम संघाशी रॉबिन्सन यांचा करार जाहीर झाला.

सावलीसारखी सोबत

१९४६ च्या वसंतात सरावासाठी फ्लोरिडात जायचे होते. तिथे वर्णभेदाचे कायदे कडक. रिकी यांनी आठवड्याला ५० डॉलर देऊन स्मिथ यांना रॉबिन्सन यांच्या सोबतीला ठेवले. राहायला घर शोधायचे, जेवणाची सोय बघायची, धीर द्यायचा आणि पुन्हा आपल्या पत्रासाठी बातमीही लिहायची. सॅनफर्ड गावात जमाव चालून येणार अशी कुणकुण लागली, तेव्हा स्मिथ आणि 'कूरियर'चे छायाचित्रकार बिली रो यांनी रॉबिन्सन यांना तातडीने मोटारीत घालून डेटोना बीचला नेले. गोरे खेळाडू हॉटेलात आणि हे समाजबांधवांच्या घरी, असे ते दिवस गेले.

१५ एप्रिल १९४७ रोजी जॅकी रॉबिन्सन ब्रुकलिनच्या मैदानावर वरिष्ठ सामन्यात उतरले. मोसमाच्या अखेरीस ते सर्वोत्कृष्ट नवोदित खेळाडू ठरले. 'कूरियर'मध्ये रॉबिन्सन यांच्या नावाने येणारे सदर स्मिथच शब्दबद्ध करत. १९४८ साली आलेले रॉबिन्सन यांचे पहिले आत्मकथनही त्यांनीच लिहून काढले.

आणि स्वतः स्मिथ कुठे बसत होते? खेळाडूला मैदान मोकळे झाले, पण वार्ताहरांच्या कक्षात स्मिथ यांना जागा नव्हती. बेसबॉल वार्ताहरांच्या संघटनेने त्यांचा अर्ज फेटाळला होता. कारण दिले, की तुमचे पत्र साप्ताहिक आहे, दैनिक नाही. स्मिथ मग प्रेक्षकांत बसत, मांडीवर टाइपरायटर घेत आणि ऊन-पावसात बातमी बडवत. त्यांनी दुसऱ्यासाठी उघडलेल्या दाराबाहेर ते स्वतः उभे होते. १९४८ च्या सुमारास शिकागोच्या 'हेराल्ड-अमेरिकन' या गोऱ्यांच्या मालकीच्या दैनिकात त्यांना क्रीडा लेखकाची जागा मिळाली आणि तेव्हा कुठे संघटनेचे सभासदत्व मिळाले. बाल्टिमोरच्या 'आफ्रो-अमेरिकन' पत्राचे सॅम लेसी हेही त्याच सुमारास सभासद झाले. तेही याच लढ्यातले जुने सैनिक.

विजयाची किंमत

आम्हाला केवळ गौरवगीत लिहायचे नाही. या विजयाला दुसरी बाजूही होती. चांगले खेळाडू आणि त्यांच्यामागे प्रेक्षक मोठ्या संघांकडे गेले. रॉबिन्सन ज्या कॅन्सस सिटी मोनार्क्सकडून खेळत होते, त्या संघाला रिकी यांनी एक पैसाही भरपाई दिली नाही. निग्रो नॅशनल लीग १९४८ नंतर बंद पडली. समाजाने घामाने उभे केलेले संघ विझले आणि अनेकांची रोजीरोटी गेली. प्रवेश मिळवताना आपल्या संस्थांचे काय होते, हा प्रश्न आपल्यालाही सुटलेला नाही.

रिकी यांच्याकडून मानधन घेत असताना स्मिथ यांनी पत्रकार म्हणून तटस्थ राहावे कसे, असेही कोणी विचारील. प्रश्न रास्त आहे. पण ते कोणाचे भाट झाले नाहीत, हेही नमूद केले पाहिजे. १९४९ साली रॉबिन्सन वार्ताहरांवर चिडले, तेव्हा वर्तमानपत्रांनी तुम्हाला कसे वागवले ते विसरू नका, असे स्मिथ यांनी आपल्या सदरात त्यांनाही सुनावले.

लढा संपला नव्हता

रॉबिन्सन यांच्या यशानंतर स्मिथ यांना आरामात बसता आले असते. पण १९६१ च्या जानेवारीत त्यांनी शिकागोच्या दैनिकातून पुन्हा आघाडी उघडली. मैदानावर एकत्र खेळणारे खेळाडू फ्लोरिडाच्या सराव शिबिरात रात्री मात्र वेगळे होत. नामवंत कृष्णवर्णीय खेळाडूलाही हॉटेलात खोली नाही, उपाहारगृहात ताट नाही. मैदानात तुम्ही हिरो, पंक्तीला मात्र बाहेर! आपल्याकडे पळवणकर बाळू यांच्या भेदक गोलंदाजीवर हिंदू संघ सामने जिंकत असे, पण पुण्यात असताना चहाच्या वेळी त्यांना मंडपाबाहेर वेगळ्या मातीच्या भांड्यात चहा मिळे. समुद्र बदलला तरी रीत तीच. स्मिथ यांच्या लेखांनंतर संघमालकांवर दडपण आले. शिकागो व्हाइट सॉक्स संघाने तर सर्व खेळाडू एकत्र राहावेत म्हणून सारासोटा येथे हॉटेलच विकत घेतले. पुढच्या काही वर्षांत ही विभागणी मोडली.

१९६४ पासून स्मिथ शिकागोच्या डब्ल्यूजीएन दूरचित्रवाणीवर क्रीडा वृत्तनिवेदक म्हणून दिसू लागले. 'सन-टाइम्स'मध्येही त्यांचे सदर येई. २४ ऑक्टोबर १९७२ रोजी जॅकी रॉबिन्सन गेले. कर्करोगाने खंगलेल्या स्मिथ यांना अंत्ययात्रेला जाता आले नाही. त्यांनी घरूनच मित्रावर मृत्युलेख लिहिला. तो त्यांचा शेवटचा लेख ठरला. २६ नोव्हेंबर १९७२ रोजी, वयाच्या ५८ व्या वर्षी, तेही गेले. त्याच वर्षी इकडे मुंबईत आपल्या तरुणांनी अमेरिकेतील ब्लॅक पँथरचे नाव घेऊन दलित पँथर उभी केली होती.

उशिरा आलेला न्याय

बेसबॉल लेखकांना मिळणारा सर्वोच्च पुरस्कार १९९३ साली स्मिथ यांना मरणोत्तर जाहीर झाला. तो मिळवणारे ते पहिले कृष्णवर्णीय. या पुरस्काराला नाव होते जे. जी. टेलर स्पिंक यांचे. हे गृहस्थ 'स्पोर्टिंग न्यूज'चे प्रकाशक. १९४२ साली 'हा प्रश्न काढू नका' म्हणणारे पत्र ते हेच! २०२१ साली वार्ताहरांच्या संघटनेने ते नाव काढून टाकले. ज्या संघटनेने एके काळी स्मिथ यांचा अर्ज फेटाळला, तिलाच हे करावे लागले.

स्मिथ यांच्या पत्नी व्योनेला यांनी पतीची कात्रणे, पत्रे आणि टिपणे जपून ठेवली आणि पुढे कूपरस्टाउनच्या बेसबॉल संग्रहालयाला दिली. रॉबिन्सन यांच्या निवडीबाबत रिकी आणि स्मिथ यांच्यात झालेला पत्रव्यवहार आज लोकांना वाचता येतो, तो या कागदांमुळे. आमच्या माताभगिनींना यानिमित्ताने एक विनंती. घरातील जुन्या पेटीत चळवळीची पत्रके, सभेची निमंत्रणे, वडिलांनी लिहिलेली पत्रे असतील तर ती रद्दीत घालू नका. उद्याचा इतिहास त्यावरच लिहिला जाणार आहे.

आणि तरुणांना एवढेच सांगणे, की लिहायला मोठ्या दैनिकाची वाट पाहू नका. तुम्हाला खेळाची आवड असेल तर खेळावर लिहा. आपल्या वस्तीतील कबड्डीच्या संघाला मैदान का मिळत नाही, जिल्हा निवड चाचणीत कोणाला का वगळले, हे जाऊन विचारा, नावानिशी लिहा. वेन्डेल स्मिथ यांच्या हाती एक साप्ताहिक, एक सदर आणि मांडीवरचा टाइपरायटर एवढेच होते. त्यामुळे यापुढे घरातल्या मुलाने शेवटचे पान आधी उघडले, तर आम्ही त्याला रागावणार नाही. ते पान नीट वाच आणि त्यावर कोणाचे नाव नाही ते शोधून काढ, एवढेच त्याला सांगू.

जय भीम!